जमातीचा दावा, न्यायालय आणि शाळेचे रजिस्टर



जमातीच्या दाखल्यांचे वाद ही वकिलांची आणि सरकारी कचेऱ्यांची बाब. हैदराबादेतील मराठी शाळेच्या स्मृतिव्याख्यानात तिचे काय काम, असा प्रश्न आपल्याला पडला असेल. परंतु या वादांत ज्या साक्षीदारावर न्यायालय सर्वाधिक विश्वास ठेवते, तो बहुधा एखाद्या शाळेच्या कपाटात पडलेला असतो. म्हणून मी हा विषय निवडला.

राज्यघटनेच्या ३४२ व्या अनुच्छेदानुसार अनुसूचित जमातींची यादी राष्ट्रपती राज्यवार जाहीर करतात; त्यानंतर तीत बदल करण्याचा अधिकार केवळ संसदेला आहे. वाद निर्माण होतो तो नामसादृश्यामुळे. महाराष्ट्राच्या यादीत कोळी महादेव आहे, पण नुसते ‘कोळी’ म्हणवणारा प्रत्येक जण त्यात येत नाही. हलबा आहे, कोष्टी नाही. ठाकूर ही जमात आहे, पण ठाकूर हे नाव इतर समाजांतही चालते. यांतील अनेक जमातींना पूर्वी ठराविक भागांपुरतीच मान्यता होती. १९७६ च्या कायद्याने हे राज्यांतर्गत क्षेत्रबंधन उठवले आणि १९७७ पासून तो अमलात आला. डोंगर सोडून मैदानी मुलखात उतरलेल्या खऱ्या आदिवासीला त्यामुळे न्याय मिळाला. त्याचबरोबर नामसादृश्याचा लाभ घेऊ पाहणाऱ्यांनाही वाट मोकळी झाली.

२ सप्टेंबर १९९४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने दिलेला निकाल या विषयातील मैलाचा दगड होय. दोन बहिणींनी महादेव कोळी म्हणून वैद्यकीय व दंतवैद्यकीय शिक्षणाला प्रवेश मिळवला होता. वडिलांच्या शालेय नोंदीत मात्र ‘हिंदू कोळी’ असे लिहिले होते. न्यायालयाने दावा फेटाळला आणि घटनेपूर्वीच्या शालेय नोंदींना पुरावा म्हणून मोठे मोल असल्याचे सांगितले. कारण उघड आहे. त्या काळी मास्तरांनी जे लिहिले, त्यातून कोणाला जागा वा नोकरी मिळायची नव्हती; खोटे लिहिण्याचे प्रयोजनच नव्हते. याच निकालाने पडताळणी समिती आणि दक्षता पथक यांसह पंधरा कलमी कार्यपद्धती घालून दिली. पुढे महाराष्ट्राने स्वतंत्र कायदा केला. तो १८ ऑक्टोबर २००१ पासून लागू झाला. त्यानुसार दावा सिद्ध करण्याची जबाबदारी दावेदारावरच आहे.

समितीचा निर्णय अंतिम असतो. त्याविरुद्ध केवळ उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते. रिट म्हणजे अपील नव्हे, हे पुष्कळ अशिलांना समजावून सांगताना मला श्रम पडतात. न्यायालय पुरावा नव्याने तोलत बसत नाही. समितीने सर्व कागद पाहिले काय, दावेदाराला बाजू मांडू दिली काय, निष्कर्षाला आधार आहे काय, एवढेच ते तपासते. तसेच ‘आमची पोटजात यादीतल्या जमातीचाच भाग आहे’ असा पुरावा घेऊन न्यायालय यादी रुंदावू शकत नाही. हलबा-कोष्टी वादात २००० साली घटनापीठाने हे निःसंदिग्धपणे सांगितले.

दुसरा प्रश्न आप्तभाव चाचणीचा. दावेदाराला जमातीची दैवते, लग्नविधी, मर्तिकाचे रिवाज, बोली यांविषयी विचारले जाते. शहरात तीन पिढ्या काढलेल्या कुटुंबातील मुलाला ही उत्तरे कोठून यावीत? उलट, पुस्तक वाचून आलेला उमेदवार ती घडाघडा सांगू शकतो. स्थलांतर आणि आधुनिक जीवन यांमुळे जमातीच्या चालीरीती बदलतात, हे सर्वोच्च न्यायालयाने २०११ साली मान्य केले. महाराष्ट्र आदिवासी ठाकूर जमात स्वरक्षण समितीच्या खटल्यात २४ मार्च २०२३ रोजी त्याने स्पष्ट केले, की ही चाचणी निर्णायक कसोटी नव्हे आणि प्रत्येक प्रकरणात ती घेणे आवश्यकही नाही. कागदपत्रांनी समितीचे समाधान होत नसेल, तरच दक्षता चौकशी करावी.

दावा फसला तर काय, याचे उत्तर काळानुसार कठोर होत गेले. २००० च्या निकालात डॉक्टर झालेल्या उमेदवाराची पदवी अबाधित राहिली. पुढील सवलती मात्र बंद झाल्या. अन्न महामंडळाच्या खटल्यात ६ जुलै २०१७ रोजी न्यायालयाने सांगितले, की दावा अवैध ठरला की लाभ काढून घेतलाच पाहिजे. फसवणुकीचा हेतू होता की नव्हता, याने फरक पडत नाही. हे कठोर वाटते खरे. पण खोट्या दाखल्यावर भरलेली प्रत्येक जागा कोणा आदिवासी मुलाची असते, आणि ते मूल न्यायालयात कधीच दिसत नाही, हेही ध्यानात ठेवावे.

आपल्यासारख्या सीमेपलीकडे स्थिरावलेल्यांसाठी आणखी एक गोष्ट. जमातीचा दर्जा राज्याशी बांधलेला असतो. आंध्रातील अनुसूचित जमातीचा एक विद्यार्थी लहानपणी मुंबईत आला. तेथे त्याला वैद्यकीय प्रवेशासाठी तो दर्जा मिळू शकला नाही. १९९० साली घटनापीठाने तेच ग्राह्य धरले.

मराठवाडा १९५६ पर्यंत हैदराबाद राज्यात होता. तेथल्या कुटुंबांचे जुने कागद पुष्कळदा उर्दूत, क्वचित मोडीत आहेत. नातवंडांना ते वाचता येत नाहीत. आजोबा ज्या शाळेत शिकले, तिचे प्रवेश रजिस्टर हाच कित्येकांचा एकमेव आधार असतो. दाखला हरवला तरी चालते. मूळ रजिस्टर वाळवीने खाल्ले, तर खरा दावाही लंगडा पडतो. आणि त्यात कोणी वेगळ्या शाईने एक शब्द घुसडला, तर त्या पानावरच्या प्रामाणिक नोंदीही संशयात येतात.

म्हणून संस्थाचालकांना माझी विनंती आहे: जुनी रजिस्टरे कुलुपात ठेवा, त्यांच्या छायाप्रती करून घ्या, उर्दू-मोडी नोंदींचे जाणकारांकडून लिप्यंतर करवून घ्या, आणि आग्रह कोणाचाही असो, त्यांतील एक अक्षरही बदलू देऊ नका. माजी विद्यार्थ्यांनी या कामाला वर्गणी दिली, तर ते या स्मृतीला साजेसेच होईल.