मांजरातील उपासमार

मांजरातील उपासमार : अन्न न मिळाल्यामुळे किंवा समोर असूनही न खाल्ल्यामुळे मांजराच्या शरीरात होणारे बिघाड. मांजर हा पूर्णतया मांसाहारावर पोसलेला प्राणी असल्याने त्याचा उपवास मनुष्याच्या किंवा कुत्र्याच्या उपवासापेक्षा लवकर घातक ठरतो.

मांजराच्या यकृतातील प्रथिनांचे विघटन करणारी एंझाइमे अन्न तुटले तरी फारशी मंदावत नाहीत. त्यामुळे स्नायूंतील प्रथिने झिजू लागतात. त्याच वेळी साठलेल्या मेदातून वसाम्ले रक्तावाटे यकृतात येतात. त्यांचा निचरा करण्यास यकृत अपुरे पडले, की यकृताच्या कोशिकांत मेद साचतो. या विकारास यकृत-मेदसंचय म्हणतात. मेदाचा साठा जितका मोठा, तितका हा धोका अधिक. म्हणून लठ्ठ मांजर काही दिवसांच्या उपवासानेही गंभीर आजारी पडते.

पुणे जिल्ह्यातील मुळशी तालुक्यात मांजरांची दोन भिन्न राहणीमाने शेजारी शेजारी आढळतात. आंबेमोहर भात पिकविणाऱ्या गावांतील मांजर उंदीर मारून व घरचा दूधभात खाऊन जगते. त्याची अंगकाठी सडपातळ असते. उंदीर मिळेनासे झाल्यास केवळ दूधभातावर पोट भरते, पण पोषण होत नाही : त्यात टॉरीन हे आवश्यक द्रव्य पुरेसे नसते व त्याच्या दीर्घकालीन अभावाने दृष्टिपटल आणि हृदय दुर्बल होतात. याउलट हिंजवडीसारख्या नागरी भागातील सदनिकांत वाढलेले मांजर हालचालीअभावी लठ्ठ होण्याचा संभव असतो. घर बदलणे, मालक परगावी जाणे, नव्या चवीचे खाद्य, दंतरोग किंवा स्वादुपिंडाचा दाह यांमुळे ते अन्न सोडते. ‘भूक लागली की खाईल’ ही समजूत अशा वेळी घातक ठरते. आजारात लंघन हितकर, हा मनुष्याविषयीचा समजही येथे लागू पडत नाही.

मरगळ, वजनातील घट, ओकाऱ्या, लाळ गळणे आणि हिरड्या व कानांची आतील त्वचा पिवळी पडणे ही यकृत-मेदसंचयाची लक्षणे होत. रक्तातील पोटॅशियम घटल्यास मान खाली झुकते.

मूळ कारणाच्या उपचाराबरोबर अन्न पोटात पोहोचविणे हाच मुख्य उपाय आहे. त्यासाठी नाकातून किंवा मानेतून अन्ननलिकेत नळी बसवून अनेक आठवडे प्रथिनयुक्त पातळ अन्न देतात. उपचाराविना बहुतेक मांजरे दगावतात. वेळीच अन्न सुरू झाल्यास बहुसंख्य वाचतात. मात्र दीर्घ उपासानंतर एकदम भरपूर अन्न दिल्यास रक्तातील फॉस्फेट व पोटॅशियम यांची पातळी धोकादायक रीत्या उतरते. म्हणून पशुवैद्याच्या देखरेखीखाली मात्रा क्रमाक्रमाने वाढवितात.

प्रौढ मांजराने २४ तास काहीच न खाल्ल्यास पशुवैद्याचा सल्ला घेणे इष्ट असते. लहान पिलांत रक्तशर्करा काही तासांतच उतरू शकत असल्याने एवढाही विलंब करू नये.