‘ट्रिप’ या शब्दाचा प्रवास



डिचोलीतल्या एखाद्या ट्रकमालकाला विचारा, ‘ट्रिप’ म्हणजे काय? तो सांगेल, खाणीवरून धक्क्यापर्यंत नेलेली खनिजाची एक खेप. पेडण्यातल्या टॅक्सीवाल्याच्या लेखी ट्रिप म्हणजे मोप विमानतळावर मिळालेले भाडे. शाळकरी मुलीला सहल आठवेल, वायरमनला पावसात गेलेली वीज. आणि हरमलच्या किनाऱ्यावर हाच शब्द अमली पदार्थाच्या धुंदीसाठी ऐकू येईल. शब्द एक, तालुके शेजारचे, अर्थ मात्र पाच. हे कसे घडले, ते आज पाहू.

मुळात या शब्दात प्रवास नव्हता. इंग्रजीने तो जुन्या फ्रेंचमधून घेतला, तेव्हा त्याचा अर्थ होता हलक्या पावलांनी उड्या मारत चालणे, नाचणे. असे चालताना पाय अडखळतोही. म्हणून ठेच लागणे, तोल जाणे हा दुसरा अर्थ आला. सतराव्या शतकाच्या अखेरीस छोट्या जलप्रवासाला ट्रिप म्हणू लागले आणि मग कोणत्याही लहान प्रवासाला. यंत्रयुगात, धोका दिसताच कळ आपोआप सुटून प्रवाह बंद होणे, हेही ‘ट्रिप होणे’ ठरले. त्यामागे अडखळण्याचीच कल्पना आहे.

धुंदीचा अर्थ सर्वांत अलीकडचा. स्वित्झर्लंडमधील बाझल येथे आल्बर्ट हॉफमन या रसायनशास्त्रज्ञाने 1938 साली एल.एस.डी. तयार केले. 19 एप्रिल 1943 रोजी त्याने ते मुद्दाम स्वतः घेतले आणि त्याच अमलात तो सायकलवरून घरी परतला. पुढे अमेरिकेतील तरुणांनी अशा मनोभ्रमाला ‘ट्रिप’ म्हटले, कारण शरीर जागेवर असताना मन फिरून येते. 1960 नंतरच्या दशकात हिप्पी गोव्याच्या किनाऱ्यावर उतरले, त्यांच्याबरोबर ही बोलीही उतरली.

डिचोलीची ट्रिप मात्र पोटापाण्याची. शिरगाव, मये परिसरातील खनिज ट्रकने सारमानससारख्या मांडवीकाठच्या धक्क्यावर जाई, तेथून बार्जने मुरगाव बंदरात. जितक्या ट्रिपा तितकी मिळकत, म्हणून ट्रक भरधाव सुटत. रस्त्याकाठच्या घरांनी त्याच ट्रिपा धुळीच्या थरांत मोजल्या. सप्टेंबर 2012 मध्ये सरकारने खाणकाम थांबवले. काही काळाने ते सुरू झाले, पण 7 फेब्रुवारी 2018 रोजी सर्वोच्च न्यायालयाने 88 खाणपट्ट्यांचे नूतनीकरण रद्द केले आणि मार्चच्या मध्यापासून ते पुन्हा ठप्प झाले. तेव्हा ‘आज किती ट्रिपा झाल्या?’ हा रोजचा प्रश्न अनेक घरांतून नाहीसा झाला. शब्द परका असला तरी त्याची उणीव घरची होती.

आता आपल्या भाषेने या शब्दाचे काय केले ते पाहा. तिने त्याला स्त्रीलिंग दिले, ‘ट्रिपा’ असे अनेकवचन दिले आणि अर्थ ओळखण्याचे काम क्रियापदावर सोपवले. ट्रकवाला ट्रिप मारतो, टॅक्सीवाल्याला ट्रिप मिळते, शाळेची ट्रिप जाते, लाइट ट्रिप होते आणि नशा करणारा ट्रिप घेतो. ‘त्याची वेगळीच ट्रिप आहे’ असे कॉलेजातली मुले म्हणतात, तेव्हा पुष्कळदा इतकेच सांगायचे असते की तो आपल्याच नादात आहे. ‘घेणे’ आणि ‘असणे’ यांतले अंतर ज्या आजोबांना कळते, ते उगाच घाबरणार नाहीत आणि घाबरण्याजोगे असेल तेव्हा गाफील राहणार नाहीत. नातवंडांशी बोलणे सुटू नये म्हणून तरी हे अंतर ठाऊक हवे.

आपल्याकडे या प्रत्येक अर्थाला स्वतंत्र शब्द होता आणि आहे. माल नेला की खेप, मुले गेली की सहल, पंढरीला निघालो की वारी, जाऊन परत आलो की फेरी, पाय अडखळला की ठेच, भान हरपले की धुंदी. केरी-तेरेखोलच्या फेरीबोटीत तर मौज आहे. इंग्रजी ‘फेरी’ म्हणजे पलीकडे नेणे आणि मराठी ‘फेरी’ फिरण्यातून आलेली. दोघींचे नाते नाही, तरी एकाच होडीत बसल्या आहेत.

‘ट्रिप’ला हाकलून लावण्याची गरज नाही, ती आता आपल्या घामाचीही झाली आहे. पण एकाच शब्दावर सगळे भागवले, तर खेपेतले ओझे, वारीतली ओढ आणि सहलीतला आनंद यांतला फरक बोलण्यातून पुसला जातो. मोप विमानतळावरून जानेवारी 2023 मध्ये उड्डाणे सुरू झाली आणि पेडण्याच्या घरांतही आता ट्रिपा मोजल्या जातात. त्या मोजाव्यात. मात्र पुढच्या महिन्यात शाळेची सूचना घरी येईल तेव्हा मुलांना एवढे सांगावे: बाबा ट्रिपला गेलेत, तू सहलीला चाललीस.