‘कोर्टाने सोडलं’ म्हणजे नक्की काय?

मागच्या महिन्यात आमच्या गल्लीतला एक दादा नोकरीचा फॉर्म घेऊन घरी आला. फॉर्म इंग्रजीत होता, आणि लिटरेचर घेतल्यापासून गल्लीतली असली सगळी कामं माझ्याकडेच येतात. सगळे रकाने पटापट भरले आणि एका प्रश्नापाशी अडलो: कोणत्याही न्यायालयाने तुम्हाला गुन्ह्याबद्दल दोषी ठरवलं आहे का?

दादा म्हणाला, "‘नाही’ लिही गं. मला कोर्टाने सोडलंय."

विसाव्या वर्षी क्रिकेटच्या मॅचवरून मारामारी झाली होती. समोरच्या मुलाच्या डोक्याला खोक पडली, पोलीस केस झाली. तीन वर्षांनी निकाल लागला. दादाने एक वर्ष नीट वागण्याचा बाँड लिहून दिला आणि ते वर्षही सरळ पार पडलं. तुरुंग नाही, दंड नाही. घरच्यांच्या लेखी विषय संपला. पण बाँड कशाबद्दल, हे कुणी विचारलंच नव्हतं. निकालाची प्रत कानडीत होती, ती आम्ही आमच्या चर्चमधल्या एका वकील अंकलकडून वाचून घेतली. त्यात दादा दोषी आहे असं स्वच्छ लिहिलं होतं.

घोळ आपल्या भाषेतच आहे. जामिनावर बाहेर आला तरी आपण म्हणतो ‘सोडलं’, निर्दोष सुटला तरी ‘सोडलं’, आणि दोषी ठरवून परिवीक्षेवर, म्हणजे प्रोबेशनवर, घरी पाठवला तरी ‘सोडलं’च. कायद्यात मात्र दोषसिद्धी आणि शिक्षा या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. अपराधी परिवीक्षा अधिनियम, १९५८ यातलं कलम ४ सांगतं की ज्या गुन्ह्याला फाशी किंवा जन्मठेप नाही, त्यात गुन्ह्याचं स्वरूप आणि माणसाचं चारित्र्य बघून कोर्ट लगेच शिक्षा न सुनावता बाँडवर सोडू शकतं. मुदत जास्तीत जास्त ३ वर्षं. त्या काळात अटी मोडल्या तर मूळ गुन्ह्याची शिक्षा होऊ शकते. नीट वागला तर शिक्षा टळते. दोषसिद्धी राहते.

मग बाँड पूर्ण केल्याचा फायदा काय? तो कलम १२ मध्ये आहे. एखाद्या कायद्यात ‘दोषी ठरलेला माणूस अपात्र’ असं असेल, तर कलम ३ खाली समज देऊन किंवा कलम ४ खाली बाँडवर सोडलेल्याला ती अपात्रता लागत नाही. त्यासाठी वेगळा अर्ज करावा लागत नाही, कलम आपोआप लागू होतं. पण नंतर मूळ गुन्ह्याची शिक्षा झालीच, तर हे संरक्षण जातं. आणि अपात्रता गेली म्हणजे घटना पुसली गेली, असं नाही. आमच्या कन्फेशनमध्ये माफी मिळते आणि मागे कागद राहत नाही. कोर्टात माफीचाच कागद होतो.

हा फरक कळायला शंकर दास यांचा खटला वाचावा. मला तर ती एखाद्या कथेसारखी वाटली. दिल्ली दूध पुरवठ्याच्या सरकारी उपक्रमात ते रोखपाल होते. ५०० रुपये त्यांनी भरलेच नाहीत. त्या काळात घरात एकामागून एक संकटं होती. पैसे त्यांनी परत केले, गुन्हा कबूल केला, आणि मॅजिस्ट्रेटने परिस्थिती बघून त्यांना परिवीक्षेवर सोडलं. तरी खात्याने नोकरीवरून काढलं. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि १९८५ मध्ये सरन्यायाधीश यशवंत चंद्रचूड यांच्या काळात निकाल लागला. न्यायालयाने म्हटलं, कलम १२ नोकरी वाचवत नाही, कारण बडतर्फी ही त्या अर्थाने अपात्रता नव्हे. पण काढण्याचा अधिकार आहे म्हणून तो कसाही वापरता येत नाही. ही शिक्षा लहरीपणाची होती, म्हणून त्यांना कामावर परत घेण्याचा आदेश झाला. मधे सुमारे दोन दशकं गेली होती.

अमेरिकन सिरीज बघून आपल्याला वाटतं की तिकडे सगळं पुसलं जातं. कॅलिफोर्नियात परिवीक्षा पूर्ण झाली की कोर्टात अर्ज करून कबुली मागे घेता येते आणि केस रद्द होते. पण सरकारी परवान्याच्या किंवा पदाच्या अर्जात तिथेही ती सांगावी लागते. आपल्याकडे खरंखुरं नष्ट होणारं रेकॉर्ड आहे ते लहान मुलांचं. बाल न्याय अधिनियम, २०१५ च्या कलम २४ प्रमाणे अठरा वर्षांखालच्या मुलाची नोंद अपिलाची मुदत संपल्यावर नष्ट करायची असते. सोळा वर्षांवरच्या ज्या मुलावर घोर गुन्ह्यासाठी प्रौढासारखा खटला चालतो, तो याला अपवाद.

आमच्या वयाच्या मुलांसाठी १९५८ च्या कायद्यात कलम ६ आहे. २१ वर्षांखालच्या आरोपीला तुरुंगात पाठवायचं तर कोर्टाला परिवीक्षा अधिकाऱ्याचा अहवाल बघून कारणं लिहावी लागतात. पण वय धरलं जातं ते निकालाच्या वेळचं, गुन्ह्याच्या दिवसाचं नाही. दादाने विसाव्या वर्षी मारामारी केली आणि निकाल तेविसाव्या वर्षी लागला, म्हणजे कलम ६ त्याच्या हातून गेलं होतं. कलम ४ मिळालं ते मॅजिस्ट्रेटच्या मर्जीने. खटला लांबला हा त्याचा काय दोष, हे मला अजून कळलेलं नाही.

पासपोर्टची मात्र दादाला उगाच भीती होती. दोषसिद्धीवरून पासपोर्ट नाकारायला गेल्या पाच वर्षांत नैतिक अधःपतनाचा गुन्हा आणि किमान दोन वर्षांची कैद, दोन्ही लागतं. त्याला कैद झालेलीच नाही.

दोषसिद्धी खरोखर हटवायची तर रस्ता अपिलाचा. मॅजिस्ट्रेटच्या आदेशाविरुद्ध सत्र न्यायालयात ३० दिवसांत जावं लागतं, उशीर झाला तर सबळ कारण दाखवून माफी मागावी लागते. वकील परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात चौकशी करावी. महिला, अनुसूचित जाती-जमाती आणि ठरावीक उत्पन्नाखालच्या लोकांना तिथे मोफत मदत मिळते.

आणि फॉर्म? अवतार सिंग खटल्यात २०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की उमेदवाराने दिलेली माहिती खरीच हवी, लपवली तर नोकरी जाऊ शकते. तरुण वयातली किरकोळ गोष्ट मालक सोडून देऊ शकतो, पण ते त्याच्या हातात. म्हणून प्रश्न शब्दन् शब्द वाचायचा: ‘अटक झाली का’, ‘खटला चालू आहे का’, ‘दोषी ठरलात का’, ‘कैद झाली का’ हे चार वेगळे प्रश्न आहेत. दादाचं उत्तर पहिल्या आणि तिसऱ्याला ‘हो’, बाकी दोनांना ‘नाही’.

आम्ही ‘हो’ लिहिलं. तपशिलाला रकान्यात एकच ओळ होती, म्हणून वेगळ्या कागदावर केस नंबर, कलम ४ आणि बाँड पूर्ण झाल्याची तारीख लिहून निकालाची सर्टिफाइड कॉपी जोडली. दादा अर्धा तास गप्प होता. मग म्हणाला, "कॉपीवरचा शिक्का झेरॉक्समध्ये दिसतोय का बघ."