चष्मा उतरविण्यापूर्वी

चष्मा कायमचा सुटावा म्हणून आपल्या घरांतील अनेक तरुण मुले-मुली लॅसिक या लेसर शस्त्रक्रियेचा विचार करतात. शस्त्रक्रिया काही मिनिटांची. खरी तयारी त्याआधीची आहे.

वय १८ पूर्ण असावे, चष्म्याचा नंबर किमान वर्षभर स्थिर असावा. लेसर किरण बुबुळावरील पारदर्शक पडदा तासून त्याला नवा आकार देतात. म्हणून त्याची जाडी व आकार तपासल्याशिवाय होकार देऊ नये. कॉन्टॅक्ट लेन्समुळे हा आकार बदलतो. तपासणीपूर्वी मऊ लेन्स दोन आठवडे, कडक लेन्स त्याहून अधिक काळ बंद ठेवावी. गरोदर व अंगावर पाजणाऱ्या भगिनींनी थांबावे. शस्त्रक्रियेच्या दिवशी काजळ, अत्तर नको. सोबत घरचे माणूस हवे.

आणखी एक गोष्ट आम्ही मुद्दाम सांगतो. नोकरीसाठी चष्मा काढणाऱ्यांनी आधी भरतीची जाहिरात वाचावी. रेल्वेच्या सहाय्यक लोको पायलट पदाच्या २०२४ च्या भरतीत लॅसिक केलेले उमेदवार अपात्र होते. कर्ज काढून डोळे सुधारावेत आणि त्याच कारणाने नोकरी हुकावी, असे आपल्या एकाही मुलामुलीच्या वाट्याला येऊ नये.