ओलोम्पालीचे वारसदार

सान फ्रान्सिस्कोच्या उत्तरेस, नोव्हाटो गावानजीक ओलोम्पाली नावाची एक जुनी जमीन आहे. १९६७ च्या अखेरीस डॉन मॅकॉय नावाच्या सधन तरुणाने तेथील वाडा भाड्याने घेतला आणि मित्रपरिवारासह 'चोझन फॅमिली', म्हणजे आपणच निवडलेले कुटुंब, थाटले. त्याच्या आदल्याच वर्षी 'ग्रेटफुल डेड' हा वाद्यवृंद तेथे राहून गेला होता. स्वयंपाक सामाईक, मुले सर्वांची, मालकी कोणाचीच नाही, असा त्या बिऱ्हाडाचा बाणा होता. भाडे आणि किराणा मात्र मॅकॉयच्या वारशाच्या पैशातून येई, हे विसरता कामा नये.

या हिप्पी मंडळींची टिंगल करणे सोपे आहे आणि ती पुष्कळ झालीही. परंतु ज्या मातीत त्यांनी मालकीचा त्याग केला, त्या मातीचा इतिहास पाहिला म्हणजे हसू आवरते. ओलोम्पाली हे मूळचे कोस्ट मिवॉक आदिवासींचे गाव; तेथील वस्ती हजारो वर्षांची. आजूबाजूच्या जमिनी परक्यांच्या घशात जात असताना कॅमिलो इनिशिया या मिवॉक पुढाऱ्याने १८४३ साली मेक्सिकन गव्हर्नरकडून ८,८७७ एकरांची सनद मिळविली. सातबाऱ्यावर नाव नसलेल्या कुळाची धास्ती ज्याने पाहिली आहे, त्याला त्या कागदाचे मोल सांगावयास नको. १८४६ च्या जूनमध्ये बेअर फ्लॅग बंडातील चकमक याच आवारात झडली. अमेरिकन अंमल आल्यावर १८५२ साली कॅमिलोने बहुतेक जमीन विकून टाकली. पुढे ती बर्डेल कुटुंबाकडे गेली. त्यांच्या वाड्याने जुने मातीच्या विटांचे घर आपल्या पोटात घेतले.

म्हणजे एकाला मालकीच्या कागदावाचून तगता येत नव्हते, आणि सव्वाशे वर्षांनी दुसऱ्याला, गाठी पैसा असल्यामुळे, तो कागद तुच्छ वाटला. त्या तरुणांच्या प्रामाणिकपणाबद्दल मला शंका नाही. त्यांच्या निश्चिंतपणाबद्दल मात्र आहे. त्या निश्चिंतपणाची किंमत मुलांनीही मोजली. फेब्रुवारी १९६९ मध्ये विजेच्या तारांमुळे वाडा जळाला, आणि त्याच वर्षी पोहण्याच्या तलावात दोन चिमुकली बालके बुडाली. त्यानंतर ते बिऱ्हाड मोडले.

१९७७ साली कॅलिफोर्निया राज्याने ही जमीन घेतली. आज ते ऐतिहासिक उद्यान आहे. पुरातत्त्वज्ञ ब्रेक पार्कमन यांनी जळक्या ढिगाऱ्यातील ग्रामोफोन तबकड्या अभ्यासल्या, तेव्हा रॉक संगीताबरोबरच ब्रॉडवेच्या संगीतिकाही निघाल्या. आईबापांच्या घरातली गाणी ही मुले बरोबर घेऊन आली होती.