घर आणि कायदा – भाग 7 : तिचं म्हणणं आधी ऐका

मागच्या भागात आपण हिंदू विवाह कायद्याचं कलम 9 पाहिलं. नांदायला न येणाऱ्या जोडीदाराविरुद्ध त्याखाली दावा लावता येतो. पण बायकोला माहेरच्यांनीच घरात डांबून ठेवलं असेल तर? दाव्याच्या तारखा पडत राहतात. अशा वेळी राज्यघटनेच्या कलम 226 खाली उच्च न्यायालयात बंदी प्रत्यक्षीकरणाची याचिका करता येते. वकिलांच्या बोलण्यात ती ‘हेबियस’.

दोघं आळंदीला जाऊन लग्न करतात. घरचे ‘मिसिंग’ नोंदवतात. पोलीस शोधून आणतात, ठाण्यात रडारड होते, मुलगी वडिलांबरोबर जाते. दुसऱ्या दिवसापासून तिचा फोन बंद. नवऱ्याच्या हाती उरतो लग्नाचा दाखला. याचिका दाखल झाली, की न्यायालय पोलिसांना सांगतं : तिला हजर करा.

न्यायमूर्ती तिला चेंबरमध्ये बोलावतात. आईवडील बाहेर, नवराही बाहेर. वय किती, कोणाचा दबाव आहे का, कुठे राहायचंय? ती सज्ञान असेल तर तिचं उत्तर निर्णायक. ‘माहेरीच राहते’ असं तिने मोकळेपणाने सांगितलं, तर याचिका तिथेच संपते. दाखला कितीही खरा असो. या याचिकेने बायकोचा ताबा मिळत नाही, तिची सुटका होते. हे नवऱ्यांनी आणि वडिलांनी, दोघांनीही नीट समजून घ्यायला हवं. केरळमध्ये वडिलांच्या अशाच याचिकेत उच्च न्यायालयाने सज्ञान मुलीचं लग्नच रद्द ठरवलं होतं. 2018 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. ते लग्न हिंदू कायद्याखालचं नव्हतं, पण तत्त्व सगळ्यांना सारखंच लागू आहे.

मला काळजी वाटते ती तारखेच्या आधीच्या दिवसांची. ज्यांनी कोंडलं त्यांच्याच गाडीतून आलेली मुलगी किती मोकळेपणाने बोलणार? म्हणूनच मार्च 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बजावलं, की अशा याचिका रेंगाळू देऊ नका, तिच्याशी एकांतात बोला आणि समुपदेशनाच्या नावाखाली तिचं मन वळवू नका.

मुलगी अज्ञान असेल किंवा वाद लहान लेकराचा असेल, तर गोष्ट वेगळी. तिथे लेकराचं हित पाहिलं जातं. आईच्या मृत्यूनंतर मावश्यांकडे असलेल्या तान्ह्या मुलीसाठी वडिलांनी मुंबई उच्च न्यायालयात केलेली याचिका 2019 मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही योग्य ठरवली आणि ताबा वडिलांना दिला. मात्र साक्षीपुराव्यांची सखोल छाननी लागणार असेल, तर 1890 च्या पालकत्व कायद्याचाच रस्ता धरावा लागतो.

आणि पैशांअभावी कोणी थांबू नये. स्त्रियांना, उत्पन्न कितीही असलं तरी, सरकारी विधी सेवा मोफत मिळते. 15100 हा क्रमांक ओळखीतल्या मुलींना आजच देऊन ठेवा.