स्वतःचीच आई असलेली जेन

दिवाळी अंकासाठी येणाऱ्या विज्ञानकथा जूनपासून माझ्या टेबलावर साठू लागतात. त्या वाचून निवडण्याचं काम माझ्याकडे आहे. त्यांत कालप्रवासाच्या कथा हमखास असतात, आणि बहुतेकींचा नायक भूतकाळात जाऊन काहीतरी सुधारून येतो. अशी कथा हाती आली की मी हस्तलिखिताच्या मागच्या कोऱ्या बाजूला दोन रकाने आखते. डावीकडे कॅलेंडर, उजवीकडे पात्राच्या मनगटावरचं घड्याळ. नायक २०२४ मधून १९५० मध्ये गेला तर डावा रकाना ७४ वर्षं मागे उडी घेतो. उजवा पुढेच सरकत राहतो, कारण नायकाला भूक लागते, त्याची दाढी वाढते. काळाची ही वाटणी अमेरिकी तत्त्वज्ञ डेव्हिड लुईस यांनी १९७६ मध्ये एका निबंधात केली. तिच्यामुळे कितीतरी कथांतला गोंधळ मला जागच्या जागी सापडला आहे.

सगळ्यांना ठाऊक असलेला पेच आजोबांचा. भूतकाळात जाऊन मी माझ्या आजोबांना लग्नाआधीच मारलं, तर मी जन्मले कशी? फ्रेंच लेखक रने बारजावेल यांच्या १९४० च्या दशकातल्या कादंबरीत नायक तूलाँच्या वेढ्यात तरुण नेपोलियनवर गोळी झाडायला जातो आणि मध्ये आलेला सैनिक मरतो. तो त्याचाच पूर्वज निघतो.

या पेचाचं रूप डोळ्यांनी बघायचं असेल तर पेनरोज यांचा जिना बघावा. लायोनेल आणि रॉजर पेनरोज या बापलेकांनी १९५८ मध्ये एका मानसशास्त्राच्या नियतकालिकात तो छापला. चौकोनी जिना, चढतच जाणारा, आणि तरी फिरून मूळ पायरीवर येणारा. डच चित्रकार एशर यांनी १९६० मध्ये त्यावरून आपलं प्रसिद्ध शिलामुद्रण केलं; त्यात माणसांची रांग कायम चढते आहे आणि दुसरी कायम उतरते आहे. कुठल्याही एका पायरीवर बोट ठेवा, चूक सापडणार नाही. चारही बाजू एकत्र जुळवायला गेलात की मग इमारत उभी राहत नाही. आजोबांच्या कथेतही हेच होतं: बंदूक खरी, नेम खरा, आजोबा खरे, फक्त वर्तुळ पूर्ण होत नाही.

लुईस यांचं उत्तर मला फार आवडतं. नातू आजोबांना मारत नाही, कारण आजोबा जगले ही घडून गेलेली गोष्ट आहे. त्याला अडवायला काळाचा कुणी पहारेकरी लागत नाही. नेम चुकतो, पाय घसरतो, ऐन वेळी मन कच्चं होतं. कारण साधंच असतं. पण ते नेमकं तिथेच यावं लागतं.

हा केवळ कथालेखकांचा खेळ नाही. १९४९ मध्ये प्रिन्स्टनचे गणितज्ञ कुर्ट गोडेल यांनी आइन्स्टाइनच्या समीकरणांतून फिरणाऱ्या विश्वाचं एक उत्तर काढलं, ज्यात पुढे पुढे जात प्रवासी स्वतःच्या भूतकाळात पोहोचू शकतो. आपलं विश्व तसं नाही. ते प्रसरण पावतं आहे, आणि गोडेल यांचं विश्व पावत नाही. पण समीकरणांनी अशी वाट बंद केलेली नाही, हे त्यांनी दाखवून दिलं. पुढे भौतिकशास्त्रज्ञ किप थॉर्न कृमिविवरांवर, म्हणजे अवकाश-काळातली दोन ठिकाणं जोडणाऱ्या बोगद्यांवर, काम करत असताना जोसेफ पोलचिन्स्की या दुसऱ्या भौतिकशास्त्रज्ञानं त्यांच्यापुढे माणसाऐवजी बिलियर्डचा चेंडू ठेवला. चेंडू विवरात शिरतो, थोडा आधीच बाहेर पडतो आणि स्वतःलाच ठोकून विवरापासून दूर ढकलतो. मग शिरला कोण? १९९१ मध्ये थॉर्न आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी गणित मांडून दाखवलं की चेंडू स्वतःला नुसता निसटता घासून गेला तर सारं जुळतं. कॅरममध्ये स्ट्रायकर सोंगटीला जेमतेम चाटून जातो, तसा. त्या घासण्यानं चेंडू किंचित तिरका शिरतो, किंचित तिरका बाहेर येतो, आणि म्हणूनच निसटता घासतो. अशी जुळणारी उत्तरं एक नव्हे, अगणित निघतात.

जयंत नारळीकरांनी 'गंगाधरपंतांचे पानिपत' मध्ये दुसरी वाट धरली. विश्वासरावांना गोळी लागली नाही असं एक जग आपल्या जगाच्या शेजारी नांदतं आहे. तिथे पेच उरत नाही, पण आपल्या जगातलं पानिपतही तसंच राहतं.

मला सर्वांत खोल वाटते ती अमेरिकी लेखक रॉबर्ट हाइनलाइन यांची १९५९ ची कथा, '—ऑल यू झॉम्बीज—'. १९४५ मध्ये क्लीव्हलँडच्या अनाथालयाच्या दारात एक तान्ही मुलगी सापडते. तिचं नाव जेन. १९६३ मध्ये एक पुरुष तिला फसवून निघून जातो. बाळंतपणाच्या शस्त्रक्रियेत डॉक्टरांना तिच्या शरीरात स्त्री आणि पुरुष दोन्हींचे अवयव आढळतात. त्यानंतर तिला पुरुष म्हणून जगावं लागतं, आणि तिचं बाळ चोरीला जातं. १९७० मध्ये एक बारवाला या पुरुषाला १९६३ मध्ये नेऊन सोडतो, आणि बाळाला १९४५ मध्ये. फसवणारा, फसलेली, बाळ आणि बारवाला हे सगळे एकच.

माझ्या दोन रकान्यांत ही कथा तंतोतंत बसते. एकही विसंगती नाही. पण जेनची जनुकं आली कुठून? ज्या जनुकाच्या दोन प्रती वेगवेगळ्या आहेत, तिथे आई आणि बाप एकच असताना बाळात पुन्हा तीच जोडी उतरण्याची शक्यता निम्मी. अशा प्रत्येक ठिकाणी नाणं बरोबर पडायला हवं, एकदाही चुकता कामा नये. पेनरोजचा जिना मिटवून सपाट करायचा, तर त्याची भरपाई योगायोगानं करावी लागते. लुईस यांच्या नातवाचा घसरलेला पाय आणि पोलचिन्स्कींच्या चेंडूचं निसटतं घासणं ही तीच भरपाई. लेखक हा योगायोग लपवतात तेव्हा मला वाईट वाटतं, कारण कथेतलं खरं आश्चर्य तेच असतं.

यंदा एका तरुणीची कथा मी घेतली आहे. गायिकेला माळ्यावरच्या जुन्या वहीत एक बंदिश सापडते, ती गाऊन तिचं नाव होतं, आणि म्हातारपणी ती मागच्या काळात जाऊन तीच वही त्याच माळ्यावर ठेवून येते. बंदिश कुणीच रचलेली नाही, आणि लेखिका ते उघड सांगते. मी तिला एकच बदल सुचवला. वही दर फेरीला जुनी होत जाणार, तिची पानं पुन्हा कोरी होणार नाहीत. म्हणून गायिकेनं जाण्यापूर्वी बंदिश नव्या वहीत उतरवून घ्यावी. हाइनलाइन यांनी १९४१ च्या 'बाय हिज बूटस्ट्रॅप्स' मध्ये एका टिपणवहीचं असंच केलं होतं. लेखिकेनं तो प्रसंग दीड पानांत लिहून पाठवला आहे, आणि तिची गायिका उतरवताना एक मात्रा बदलावी का, यापाशी अडते.